डेसच्या गिटारचा चोर

आमच्या ऑस्ट्रेलियातल्या मराठी मंडळाच्या दिवाळी अंकाच्या संपादकबाई फोनवर म्हणाल्या, "ओककाका, तुमच्या व्यवसायातले अनुभव लिहून द्या." मी विचारलं, "कुठल्या व्यवसायातले?" त्यांना वाटलं मी विनय दाखवतोय. विनय वगैरे काही नाही. मी तीन धंदे केले. पहिला मोटारींच्या कारखान्यात क्वालिटी इन्स्पेक्टरचा. तिथे दुसऱ्यांच्या कामावर संशय घेण्याचा मला पगार मिळायचा. उरलेले दोन म्हणजे कंट्री म्युझिक गाणं आणि टीव्हीवर किरकोळ कामं करणं. या दोन्हींत लोकांनी माझ्यावर संशय घेतला, तोही फुकट. फिटंफाट झाली म्हणायची.

हा लेख मात्र माझ्या कारकिर्दीचा नाही. डेस हॅनलन नावाच्या माझ्या मित्राच्या जेवणाचा आहे. लॉकडाऊनमध्ये तो जेवेना, आणि त्याच्या पोटात चार घास जावेत म्हणून मला जे करावं लागलं ते मी दुसऱ्या कुठल्या अंकात छापायला दिलं नसतं. तुम्ही आपले आहात. शिवाय डेसच्या ओळखीतलं कुणी मराठी वाचत नाही.

आधी गाण्याचं सांगतो. ऑस्ट्रेलियन कंट्री म्हणजे मेंढ्या, ट्रक, धूळ, दुष्काळ, म्हातारा कुत्रा आणि सोडून गेलेली बायको यांतल्या निदान तीन गोष्टी घेऊन तीन कॉर्डांत बांधलेलं गाणं. मी वाढलो पुण्यात, सदाशिव पेठेत. मेंढी माझ्या आयुष्यात आली ती स्वेटरच्या रूपात. ट्रक मला चालवता येत नाही. कुत्र्यांना मी घाबरतो. आणि मेधा, माझी बायको, इतकी वर्षं सबळ कारणं देऊनही सोडून गेलेली नाही. तरी पंचवीसएक वर्षं मी इथल्या व्हिक्टोरिया राज्यातल्या क्लबांतून आणि पबांतून ही गाणी गायलो, आणि ती ऐकून नाक पुसणारे खरेखुरे मेंढपाळ मी पाहिले आहेत.

दोष डेसचा. तो आमच्याच कारखान्यात मेंटेनन्सला फिटर होता. एका दुपारी मी कँटीनच्या नळावर डबा धुताना रेडिओवरचं काहीतरी गुणगुणत होतो. मागून आवाज आला, "मेट, गाणं साफ चुकलंय. पण गळा चुकलेला नाही."

त्यानं मला शिकवलं ते आपल्याकडे बंदिश शिकवतात तसं: समोर बसवून, एकेक ओळ, शब्दांच्या वळणांसकट. परिणाम असा की गाताना माझे उच्चार तीन पिढ्या मेंढ्या राखलेल्या माणसाचे, आणि गाणं संपवून "थँक्यू" म्हटलं की सदाशिव पेठेचे. इथल्या कंट्री क्लबांत 'वॉक-अप' नावाची पद्धत आहे. महिन्यातल्या एका रविवारी दुपारी बँड बसलेला असतो. ज्याला गायचंय त्यानं नाव द्यायचं, स्टेजवर जाऊन सूर सांगायचा, आणि बँड बिनतालमीची साथ करतो. माझ्या पहिल्या वॉक-अपला गाणं संपल्यावर एक बाई स्टेजपाशी येऊन माझ्या मागे वाकून बघून गेली. खरा गाणारा कुठे लपलाय ते.

पोस्टरवर नाव छापायचे 'सनी ओक'. सुनीलचा सनी डेसनं केला; ओक आमचा पिढीजात, पण इथे तो दणकट झाडाचा. वाचणाऱ्याला वाटायचं कुणीतरी सहा फुटी गोरा गडी येणार. यायचो मी: साडेपाच फूट, चष्मा, एका हातात गिटार आणि दुसऱ्या हातात मेधानं दिलेला डबा. दारावरचा माणूस म्हणायचा, "डिलिव्हरी मागच्या दारानं." माझ्या मागून डेस ओरडायचा, "अरे तो गायक आहे! जेवण त्याचं स्वतःचं आहे!"

डेस पेडल स्टील वाजवायचा. ही गिटारच, पण गळ्यात अडकवायची नाही. चार पायांवर उभं टेबल समजा, त्यावर आडव्या ताणलेल्या तारा. डाव्या हातातली लोखंडी कांडी तारांवरून सरकवायची, उजव्या हातानं छेडायचं, पावलांनी पेडलं दाबायची आणि गुडघ्यांनी बाजूचे खटके ढकलायचे. सारंगीला शिलाई मशीन जोडलं तर जे होईल ते. सूर असा लांबत, वाकत, कळवळत जातो की बारमधला सर्वांत आडदांड माणूससुद्धा बाहेर जाऊन बायकोला फोन करतो. वाजवताना वादकाचं फक्त तोंड मोकळं राहतं. डेस ते शिव्यांसाठी वापरायचा. मी कडवं विसरलो की विशेष.

नट झालो तो असाच, अपघातानं. क्लबात मला पाहिलेल्या एका कास्टिंगवाल्या बाईनं ऑडिशनला बोलावलं आणि विचारलं, "तुम्हाला इंडियन ॲक्सेंट जमेल का?" मी म्हटलं, "बाई, जन्मापासून तालीम चालू आहे." त्यानंतर मी पडद्यावर टॅक्सी चालवली, रात्रीच्या दुकानात लुटला गेलो, आणि तीन वेळा डॉक्टर होऊन "आय ॲम सॉरी" म्हणालो. सर्वांत मोठं काम एका मालिकेतलं: फोन करून म्हाताऱ्यांना गंडवणारा ठग. दिग्दर्शिका म्हणाली, "सनी, तू फार सज्जन दिसतोस. बोलायच्या आधी हस, आणि समोरचा बोलत असताना पापणी लववू नकोस." ही युक्ती इतकी लागू पडली की मालिका लागल्यावर आमच्या नेहमीच्या भाजीवाल्यानं माझी नोट उजेडात धरून पाहिली.

मग ते वर्ष आलं. मार्चमधल्या शेवटच्या कार्यक्रमानंतर डेसची कंबर धरली होती, म्हणून त्याची स्टील मी माझ्या गाडीत घातली. म्हटलं, पुढच्या आठवड्यात घरी आणून देतो. पुढचा आठवडा आलाच नाही. क्लब बंद, शूटिंग बंद, आणि बंद जागेत गाणाऱ्या माणसाच्या तोंडातून काय काय उडतं याची चित्रं रोज बातम्यांत. डेस घरात पडला, मांडीचं हाड मोडलं, आणि हॉस्पिटलातून थेट त्याच्या गावाकडच्या वृद्धाश्रमात गेला. त्याचं गाव आमच्या टार्निट उपनगरापासून गाडीनं दोन-अडीच तास. आम्हाला घरापासून पाच किलोमीटरच्या बाहेर जायला बंदी.

टार्निटमध्ये तेव्हा सगळे सगळ्यांवर डोळा ठेवून होते. समोरच्यांकडे एक गाडी जास्त दिसली की मेधा हळूच पडदा सरकवायची. त्यांचा पडदा आधीच सरकलेला असायचा.

आमच्या कंट्री क्लबच्या सेक्रेटरी मर्लबाई यांनी कल्पना काढली, की क्लबातल्या एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्यांना फोन करून एकेक गाणं ऐकवावं. मी उत्साहानं हो म्हटलं आणि पहिला फोन लावला. "गुड मॉर्निंग मॅडम, हाऊ आर यू टुडे?" हे वाक्य मला शाळेत सभ्यपणा म्हणून शिकवलं होतं. इथे त्यावर फोन आपटतात. माझ्या आवाजात ते वाक्य ऐकलं की इथल्या प्रत्येक म्हाताऱ्या माणसाला वाटतं, आता हा आपल्या कंप्युटरमध्ये व्हायरस शिरल्याचं सांगणार. चार फोन आपटले गेल्यावर मी पद्धत बदलली: पलीकडून हॅलो आलं की थेट गाण्यालाच हात घालायचा. एका आजोबांनी दोन कडवी शांतपणे ऐकून घेतली आणि विचारलं, "छान. आता सांग, विकायचं काय आहे?"

त्यात भर म्हणून घरी बसलेल्या लोकांना दाखवायला नवीन काही नाही, तेव्हा चॅनलनं माझी ती ठगाची मालिका पुन्हा लावली. रोज दुपारी.

डेसच्या आश्रमात मी फोन केला तो या मुहूर्तावर. "फक्त कुटुंबीयांनाच फोन जोडून देतो," असं मला शांतपणे सांगण्यात आलं. मी म्हटलं, मी त्याचा मित्र, पंचवीस वर्षं एकत्र गातोय. पलीकडची बाई म्हणाली, "हो ना? सगळे असंच म्हणतात." 

सरळ मार्ग बंद झाला की माझ्यातला नट जागा होतो. हा नट नेहमी गरजेपेक्षा जास्त काम करतो. दुसऱ्या दिवशी मी डेसचा पुतण्या झालो. नाव डॅरन. डेसला डॅरन नावाचा पुतण्या नव्हता. पण पुतण्या कुणालाही असू शकतो. मी नाकातून आवाज काढला, शब्द अर्धे गिळले, वाक्यागणिक एक 'मेट', म्हणजे 'दोस्ता', घातला. पलीकडची नर्स म्हणाली, "थांबा हं, चौकशी करते," आणि मला होल्डवर टाकलं. मी माझ्या अभिनयावर खूश होऊन बसलो असताना मेधानं आत येऊन विचारलं, "भेंडी करू की दोडका?"

मी म्हटलं, "दोडका नको गं, परवाच झाला."

फोनमधलं संगीत कधीच थांबलं होतं. पलीकडून आवाज आला, "अंकल, भिंडी ही बना लो. और अब ये बताइए, आप हैं कौन?"

ती मनप्रीत. राहायची ट्रुगानिनाला, आमच्या शेजारच्याच वस्तीत. आश्रमात माणसं कमी पडली म्हणून तिकडेच खोली घेऊन राहिली होती. मी तिला मराठी, हिंदी, इंग्रजी तिन्ही भाषांत खरं सांगितलं. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "अंकल, आप सच बोल रहे होंगे. पर रिपोर्ट तो करना पड़ेगा." माझी माणसाची पारख इतकी, की मला वाटलं ती माझी गंमत करतेय.

संध्याकाळी फोन आला. डेसची मुलगी लीअन, क्वीन्सलंडहून. ती ट्रकच्या कंपनीत गाड्या कुठे पाठवायच्या ते ठरवते, त्यामुळे तिच्या बोलण्यात नमस्कार वगैरे नसतो.

"सनी, डॅरन कोण?"

"कोण डॅरन?"

"माझा चुलतभाऊ. भेंडी खाणारा."

"त्याचं काय झालं..." मी सुरुवात केली.

"हे बघ," ती म्हणाली, "डॅड जेवत नाहीये. मास्क, गाऊन, तोंडावर प्लॅस्टिक. तिथल्या एकाही माणसाचा चेहरा त्याला दिसत नाही. त्याची खात्री झालीय की खऱ्या नर्सेसना डांबून ही भलतीच माणसं आत शिरलीत आणि पॉरिजच्या लापशीतून विष देताहेत. घास पुढे केला की तोंड मिटतो. असंच चाललं तर त्याला शहरातल्या हॉस्पिटलात हलवणार. तिथे आत्ता काय चाललंय ते तुला माहितीय. मी इथे राज्याच्या बंद बॉर्डरच्या अलीकडे अडकलेय. आणि तू तिथे फोन करून सोंगं काढतोस? टीव्हीवर तुला पाहिलं तेव्हा मला वाटलं होतं तो अभिनय आहे."

"लीअन, माझं ऐक..."

"डॅडची स्टील कुठे आहे?"

"माझ्या गराजमध्ये."

"हो का," लीअन म्हणाली आणि फोन ठेवला.

त्या 'हो का'नं मला झोप आली नाही. मीही मग कारखान्यातली जुनी नजर लावली. या बाईला गिटार विकायची असणार. तिला मी कधीच आवडलो नव्हतो. यांना पंचवीस वर्षं गाऊन दाखवा, शेवटी आपण डिलिव्हरीवालेच. हे सगळं मी मेधाला नाश्त्याच्या वेळी तपशिलात ऐकवलं.

मेधा म्हणाली, "तुझ्या वडिलांना पुण्यात कुणी 'मी तुमचा पुतण्या डॅरन' म्हणून फोन केला असता, तर तू त्याला फराळाला बोलावलं असतंस?"

"विषय तो नाहीये."

"विषय तोच आहे, सुनील. तू तिच्यावर संशय घेतोस, ती तुझ्यावर, आणि तिकडे म्हातारा पॉरिजवर. तिघांपैकी शहाणा कोण, सांग बघू. लाव तिला फोन. आणि तुझ्या स्वतःच्या आवाजात लाव."

लावला. डॅरनबद्दल माफी मागितली. म्हटलं, एकदा फक्त मला त्याच्याशी बोलू दे. माझा आवाज तो ओळखेल.

लीअन म्हणाली, "फोन जोडून द्यायच्या यादीत तुझं नाव मी पहिल्याच आठवड्यात देणार होते, सनी. पण डॅड रोज एकच सांगतोय. एक इंडियन माणूस माझी स्टील गाडीत घालून घेऊन गेला. कोण, विचारलं तर लाउंजमधल्या टीव्हीकडे बोट दाखवतो. 'तो बघ. तोच चोर.' मी म्हटलं, डॅड, तो सनी आहे, नाटक करतोय. तर म्हणाला, 'काहीतरीच बोलू नकोस. सनीला मी ओळखत नाही का?'"

कलाकाराला आपली भूमिका लोकांच्या डोक्यात घर करून बसावी असं वाटत असतं. माझी बसली होती. नेमकी चुकीच्या डोक्यात.

ठरलं असं: संध्याकाळी पाचला, आश्रमात जेवणं असतात तेव्हा, मनप्रीत टॅब्लेट घेऊन डेससमोर बसेल, लीअन तिच्या घरून आणि मी माझ्या गराजमधून व्हिडिओवर येऊ. डेसला मी स्टील दाखवायची. सुखरूप आहे म्हणून सांगायचं. मग एखादं गाणं. म्हातारा निवळेल, जेवेल. मी स्टील पुसून चकचकीत केली, स्टेजवरचा शर्ट चढवला, डेसनंच मला घेऊन दिलेली रुंद कडांची टोपी घातली.

स्क्रीनवर डेस दिसला आणि मी हबकलो. गालांच्या वाट्या झालेल्या. समोर भोपळ्याचं सूप, त्याच्याकडे पाठ फिरवल्यासारखा तिरका बसलेला. शेजारी निळ्या गाऊनमध्ये, चेहऱ्यावर मास्क आणि वर प्लॅस्टिकचा पडदा लावून मनप्रीत. खरं सांगतो, मीसुद्धा तिच्या हातून सूप प्यायलो नसतो.

"गुड डे, डेस!" मी म्हणालो. आणि इथे माझा घात झाला. कॅमेरा समोर आला की माझ्या चेहऱ्याला एकच भूमिका आठवते. बोलायच्या आधी मी हसलो होतो. आणि आता पापणी न लववता त्याच्याकडे बघत होतो.

डेसचे डोळे बारीक झाले. मी घाईघाईनं फोन स्टीलकडे वळवला. "ही बघ तुझी स्टील! माझ्याकडे आहे!"

"बघ!" डेस लीअनवर ओरडला. इतक्या दिवसांत त्याचा एवढा चढलेला आवाज कुणी ऐकला नव्हता म्हणे. "सांगितलं नव्हतं? हाच तो! आणि सनीची टोपी घातलीय त्यानं! सनीची टोपीसुद्धा चोरली, माँग्रेल साला!"

माँग्रेल म्हणजे गावठी कुत्रं. इथे ही शिवी आहे, आणि डेस ती पूर्ण छाती भरून देत असे.

"डॅड, डॅड, तो सनीच..." लीअन सांगू लागली. मी गोंधळून टोपी काढायला गेलो आणि कोपर तारांवर आपटलं. झणकन बेसूर आवाज झाला.

"हात लावू नकोस!" डेस टेबलावर मूठ आपटून म्हणाला. "तिसरी तार उतरलीय, बहिऱ्या! आणि ते मधलं पेडल कुणी सोडलं? मला माझी काठी द्या!" पुढच्या शिवीसाठी त्यानं तोंड उघडलं, आणि मनप्रीतनं, त्या पोरीचं मला आजही कौतुक वाटतं, चमचा आत सरकवला. डेसनं गिळलं. नजर माझ्यावरून हलली नाही. शिवी दिली. चमचा. गिळलं. शिवी. चमचा.

लीअन स्क्रीनवरच्या तिच्या चौकोनात तोंडावर हात ठेवून बसली होती. मनप्रीतनं मान न वळवता हिंदीत म्हटलं, "अंकल, रुकिए मत. कुछ और ख़राब कीजिए."

मी दुसरी तार उतरवली. वाडगं रिकामं झालं.

त्या दिवसापासून माझ्या आयुष्यातली सर्वांत लांब चाललेली भूमिका सुरू झाली. रोज पाचला प्रयोग. प्रेक्षक एक. लीअन हजार मैलांवरून दिग्दर्शन करायची: "उद्या म्हण, तिला रंग देणार आहे. गुलाबी." मी एकदा स्टीलवर चहाचा कप ठेवला, त्या दिवशी डेसनं कटलेट खाल्लं. मेधा "आपल्याला नाही बाई जमायचं" म्हणत म्हणत एके दिवशी मागून येऊन स्टीलवर ओला टॉवेल वाळत घालून गेली. त्या दिवशी त्यानं कस्टर्ड मागून घेतलं. वाद्यावर ओलं फडकं टाकताना मला मनातल्या मनात घरच्या तानपुऱ्याला नमस्कार करावा लागला, ते वेगळं.

गंमत अशी की त्या निळ्या गाऊनवाल्यांवरचा डेसचा संशय हळूहळू उतरला. खरा शत्रू कोण ते त्याला रोज पाचला दिसत होतं, तेव्हा बाकीचे आपोआप त्याच्या बाजूचे झाले. तो मनप्रीतला बजावायचा, "पोरी, तू चांगली आहेस. पण ह्या इंडियन लोकांपासून जपून." मनप्रीत म्हणायची, "हो डेस. तू खा."

हॉस्पिटलचं नाव मागे पडलं. वजन वाढलं. लीअन मला फोन करायला लागली, आधी उद्याच्या दुष्टपणाची चर्चा करायला, मग नुसतीच. संशय मात्र तिचा पुरता गेला नव्हता. "खरं सांग, सनी," तिनं एकदा विचारलं, "तुला ती स्टील हवी होती की नाही?" मी म्हटलं, "हवी होती. थोडी." ती म्हणाली, "वाटलंच मला. इतकं बेमालूम कुणी करत नाही."

मला काय होत होतं ते इथे लिहिलंच पाहिजे असं नाही. एवढंच की ज्या माणसानं मला गायला शिकवलं त्याच्यासमोर मी रोज बसत होतो, आणि गाता येत नव्हतं. एकदा राहवलं नाही. त्याची जरा शांत वेळ पाहून मी आमचं दुष्काळाचं गाणं हळूच सुरू केलं. डेसनं चमचा बाजूला सारला आणि ऐकू लागला. दोन ओळी झाल्यावर म्हणाला, "सनीची नक्कल करतोय. वाईट करत नाही." आणि उरलेलं जेवण तसंच राहिलं. मनप्रीतनं माझ्याकडे असं बघितलं की मी परत कधी गायलो नाही.

इथल्या वसंत ऋतूत, म्हणजे ऑक्टोबरच्या सुमाराला, आश्रमाची दारं उघडायच्या थोडं आधी, डेस गेला. त्या साथीच्या आजारानं नाही, हृदय थांबलं, दुपारी आडवा झाला असताना. लीअन बॉर्डर उघडल्यावर आली, गराजमध्ये येऊन स्टीलवर हात फिरवला, आणि म्हणाली, "राहू दे तुझ्याकडेच, चोरा." मला ती वाजवता येत नाही. शिकायचा प्रयत्न करतोय. शेजाऱ्यांचा पडदा पुन्हा सरकायला लागलाय.

पण तो जाण्याच्या आदल्या आठवड्यातली एक संध्याकाळ सांगायची राहिली.

त्या दिवशी मी पेडलाचा स्क्रू काढून दाखवत होतो. बेत जुनाच, पण हमखास. डेस चिडला नाही. समोर मॅश बटाटा, ग्रेव्ही. एकाही घासाला हात लावलेला नाही. तो माझ्याकडे बघत राहिला, इतका वेळ की मला वाटलं, ओळखलं. लीअनलाही तेच वाटलं असावं, कारण तिनं श्वास आत ओढलेला मला इकडे ऐकू आला.

"ए, तू," डेस म्हणाला.

"काय?"

"सनीला काय केलंस?"

माझ्या हातातून स्क्रू पडला. टोपीवरून इतके दिवस तो शिव्या देत आला होता. टोपीखालच्या माणसाचं त्यानं कधी विचारलं नव्हतं. "मीच, डेस. मीच सनी," एवढंच म्हणायचं होतं. जिभेवर आलंही होतं. मनप्रीतचा चमचा हवेत थांबलेला, ताट भरलेलं.

"कोण सनी?" मी म्हणालो.

"ज्याची टोपी घालून बसतोस तो. माझा मेट. तो असता तर मला इथे असा ठेवला नसता. कुठे ठेवलंयस त्याला?"

"आहे," मी म्हणालो. "बरा आहे."

"जेवायला देतोस का त्याला?"

"देतो ना."

"मांस चालत नाही त्याला. अंडंपण नाही. भाताबरोबर काहीतरी पिवळं खातो तो. पातळ."

"वरण," मी म्हणालो. "रोज असतं."

"पोटभर?"

"पोटभर."

डेसनं थोडा विचार केला. मग तोंड उघडलं, आणि मनप्रीतनं पहिला घास भरवला. तो सावकाश चावत, माझ्यावर नजर रोखून म्हणाला, "त्याला सांग, डेस तुला सोडवायला येतोय. पायात जरा जोर येऊ दे म्हणावं. आणि सांग, तोवर ह्या ठगावर विश्वास ठेवू नकोस."

"सांगतो," मी म्हणालो.

"अजून आहे का?" डेसनं मनप्रीतला विचारलं.